वहिनींची दोरी

जाहिरातीच्या त्या छोट्या एजन्सीत चार टेबलं होती, आणि खिडकीपासून दारापर्यंत ताणून बांधलेली एक दोरी. प्रत्येक काम म्हणजे चिमट्याने अडकवलेलं एक कार्ड. नवं काम खिडकीशी लागे, सरकत सरकत दाराशी पोचलं की संपलं. मालकांनी एकदा भारीतलं सॉफ्टवेअर आणलं, तेव्हा तिथलं कामकाज बघणाऱ्या त्यांच्या वहिनी एवढंच म्हणाल्या, "भावोजी, चार माणसांच्या स्वयंपाकाला लग्नघरची भांडी कशाला?" सॉफ्टवेअर गेलं, दोरी राहिली.

रोज सकाळी वहिनी दोरीखाली उभ्या राहून प्रत्येकाला विचारत : हातात काय आहे, कुठे अडलंय, मदतीला कोण हवं. "अडलं नाही म्हणणाऱ्याचंच जास्त अडलेलं असतं," असं वहिनी एजन्सीतल्या चित्रकाराला सुनावत आणि तो मुकाट्याने कान पकडे. सगळ्यांचं झालं की त्या चहा ठेवायला वळत. त्यांना विचारायचं कुणाच्या डोक्यातच येत नसे.

मग वहिनी टेबलांच्या कोपऱ्यांना धडकू लागल्या. कार्डं भलतीकडे लागू लागली.

"वहिनी, काल सासरी पाठवलेलं काम आज परत माहेरी आलंय," चित्रकार म्हणाला. सगळे हसले. त्याही हसल्या. हातातला कॅटलॉग तेवढा दाराशी पोचू दे, मग डॉक्टरांना डोळे दाखवू, असं त्यांनी ठरवलं होतं. कॅटलॉगमागून दुसरं काम आलं.

शेवटी गेल्या, तेव्हा डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. गेलेली नजर परत येणार नाही, उरलेली सांभाळू. जरा आधी यायला हवं होतं. शेजारच्या खुर्चीत बसलेले मालक खाली बघत राहिले.

वहिनी कामावर परतल्या आणि सवयीने दोरीखाली उभ्या राहिल्या. त्यांनी तोंड उघडायच्या आत मालक म्हणाले, "आज मी विचारतो. वहिनी, तुमच्या हातात काय आहे?"

"काही नाही."

"कुठे अडलंय?"

त्यांनी दोरी चाचपली. बोटं एका चिमट्यापाशी थांबली.

"उजवीकडचं दिसत नाही. रस्ता ओलांडताना भीती वाटते."

मालकांना तिसरा प्रश्न विचारता येईना, तेव्हा वहिनींनीच तो स्वतःला विचारल्यासारखं उत्तर दिलं.

"संध्याकाळी घरापर्यंत कुणीतरी लागेल."

दिवस अजून सुरूही झाला नव्हता. चित्रकार उठला आणि दाराशी जाऊन चपला घालू लागला.