महिना तीस रुपये

नर्सबाई टेबलावर तीस रुपये ठेवायच्या आणि त्यांच्यावर तळहात दाबून उभ्या राहायच्या. मी पावती फाडून समोर धरली की मगच तो हात उचलला जायचा. वाऱ्यानं नोटा उडतील अशी भीती नव्हती, आमच्या खोलीला वारा यायला खिडकीच नव्हती. माझ्यावर अविश्वास होता असंही नाही. त्यांचा हातच तसा होता. अडलेल्या बाईच्या पोटावरही तो असाच पडायचा म्हणे, आणि काम होईपर्यंत हलायचा नाही.

मी तेव्हा उस्मानाबादला एका गृहनिर्माण संस्थेत कारकून होतो. संस्था म्हणजे एक खोली, दोन कपाटं, एक सेक्रेटरी आणि मी. सरकारी नोकरांना घर बांधायला कर्ज द्यायचं आणि महिन्याला हप्ते गोळा करायचे, हे आमचं काम. आपला जिल्हा हैदराबादेतून मुंबई राज्यात गेला, त्या वर्षी मी लागलो आणि त्याच वर्षी बाईंचं कर्ज मंजूर झालं. माझ्या हातानं खतावणीत लिहिलेलं ते पहिलंच खातं.

बाई मूळच्या मुरुमकडच्या. घरात कानडी, बाहेर मराठी, आणि जुन्या दवाखान्यात शिकलेलं थोडं उर्दू. नवरा लग्नानंतर तीन-चार वर्षांतच गेला. मग त्या सुईणीचं काम शिकल्या आणि सरकारी दवाखान्यात लागल्या. घरी त्या आणि त्यांची आई, दोघीच. आईला त्या कानडी रीतीनं अव्वा म्हणायच्या.

तुम्ही लहान गावात राहिला असाल तर अशी एखादी बाई तुम्हीही पाहिली असेल. निम्मं गाव तिच्या हातावर जन्मलेलं असतं, त्यामुळे मोठ्या माणसांचाही तिला धाक वाटत नाही. आमच्या सेक्रेटरींची दोन्ही मुलं बाईंनीच सोडवलेली. त्यामुळे बाई आल्या की सेक्रेटरी खुर्चीतून अर्धे उठायचे. एकदा हप्त्याच्या रांगेत पोलिसातला एक जमादार पुढं घुसला. बाईंनी त्याच्याकडं निरखून पाहिलं आणि म्हणाल्या, "तू पायाळू व्हय ना? तवाबी तुला अशीच घाई होती." जमादार मुकाट्यानं मागं गेला.

त्यांचा आवडता शब्द 'स्वल्प'. कानडीतही तोच, मराठीतही तोच. कळा देणाऱ्या बाईला त्या म्हणायच्या, "स्वल्प राहिलंय, माय, लई न्हाय." हप्ता भरून निघताना मलाही तेच सांगायच्या. "आता स्वल्पच राहिलं, भाऊ."

मी मान हलवायचो. त्यांचं किती राहिलंय हे त्या धरून चालल्या होत्या, आणि मीही कधी पाहिलं नव्हतं.

घर तुळजापूरच्या रस्त्याला होतं. पुढं दोन खोल्या, मागं स्वयंपाकघर आणि सरपणाची एक अंधारी पडवी, वर पत्रे. जन्मभर दोघी मायलेकी भाड्याच्या खोल्या बदलत आल्या होत्या. कुठं पाण्यावरून, कुठं बाईंच्या अवेळी येण्याजाण्यावरून मालक बोलायचे. नव्या घरात अव्वा पुढच्या खोलीच्या खिडकीशी बसायची आणि तुळजापूरला जाणाऱ्या एसटी गाड्या मोजायची. दिवसाच्या शेवटी लेकीला आकडा सांगायची. मी एकदा गेलो होतो तेव्हा मलाही सांगितला, सात. नवरात्रात तिची मोजणी चुकायची आणि मग ती दिवसभर चिडलेली असायची.

सहा वर्षं अशीच गेली. एक हप्ता चुकला नाही.

मग एक दिवस बाई दुपारच्याच आल्या. चेहरा खुललेला. पगाराचा काही फरक मिळाला होता, दोनशे रुपये. ते त्यांनी टेबलावर ठेवले, हात दाबला आणि म्हणाल्या, "भाऊ, हे जमा करा. अठराशे चाळीस राहिलेत, त्यातले हे दोनशे गेले. बाकीचे कसं फेडायचे ते आज ठरवून टाकू."

"अठराशे चाळीस कुठून काढले, बाई?"

त्यांनी पिशवीतून दवाखान्याच्या रद्दीतली एक वही काढली. दर हप्त्याला एक रेघ, अशा बहात्तर रेघा. बहात्तर गुणिले तीस, एकवीसशे साठ. कर्जाच्या चार हजारांतून ते वजा. हिशेब बरोबर होता.

मी खतावणी उघडली. दर महिन्याला मी त्यांच्या पानावर दोन आकडे लिहीत होतो, एक व्याजाच्या रकान्यात, एक मुद्दलाच्या. आकडे सेक्रेटरींच्या छापील कोष्टकातून उतरवायचे असायचे. ते दोन रकाने मी सहा वर्षांत कधी खालपर्यंत बेरीज करून पाहिले नव्हते. आता केली. पुन्हा केली. मग तिसऱ्यांदा केली, कारण माझा माझ्यावर विश्वास बसेना.

"बाई," मी म्हणालो, "तीन हजार दोनशे एकोणसत्तर राहिलेत."

"एष्टु?" त्यांनी कानडीत विचारलं. किती?

मी आकडा पुन्हा सांगितला. मग पान त्यांच्याकडं फिरवलं आणि बोट ठेवून दाखवलं. भरलेले एकवीसशे साठ. त्यातले चौदाशे एकोणतीस व्याजात गेले. मुद्दलातले फिटले सातशे एकतीस.

बाईंचा हात नोटांवरून निघाला. मी पावती फाडली नव्हती, तरी निघाला. त्या बाकावर बसल्या. त्यांचं तोंड असं झालं होतं की मी उठून माठातलं पाणी आणलं. त्यांनी ते हातात घेतलं आणि तसंच धरून ठेवलं.

"म्हणजे सहा वर्षं मी काय भरत होते?"

सेक्रेटरी आपल्या टेबलावरून म्हणाले, "बाई, व्याज आधी वळतं होतं. बाकीवर व्याज, उरलं ते मुद्दलात. सगळीकडं हीच पद्धत आहे. करारात लिहिलेलं आहे."

त्यांनी करार काढून दिला. इंग्रजी होता. खाली बाईंची सही होती, प्रत्येक अक्षर वेगळं काढलेली. शेजारी साक्षीदार म्हणून माझी सही. मीही तो तेव्हा वाचला नव्हता.

आजही मला धक्का बसतो तो याचाच. कुणी कुणाला फसवलं नव्हतं. व्याज साडेसहा टक्के, त्या काळात वाजवीच. हिशेबात पैची चूक नव्हती. सेक्रेटरी भला माणूस होता. बाईंना फक्त महिन्याचे तीस सांगितले गेले होते, आणि तीस त्यांना झेपत होते. सगळे मिळून किती, हे त्यांनी विचारलं नाही आणि आम्ही सांगितलं नाही.

"असंच भरत राहिलं तर कधी फिटंल?"

"अजून जवळजवळ चौदा वर्षं."

"माझी नोकरी सहा वर्षं राहिली," बाई म्हणाल्या. "पुढं पेन्शन. त्यात तीस रुपये कुठनं आणू? आणि न्हाय आणले तर?"

मी सेक्रेटरींकडं पाहिलं. त्यांनी चष्मा काढून पुसायला घेतला. घर संस्थेकडं गहाण होतं. उत्तर तिघांनाही माहीत होतं.

दुसऱ्या दिवशी बाई पुन्हा आल्या. रात्रभर झोपल्या नसाव्यात. उभ्या उभ्याच विचारलं, "दिवसाला किती पडतं व्याज?"

मी कागदावर आकडेमोड केली. "अठ्ठावन्न पैसे."

"रविवारी?"

"रविवारीही."

"मी कुणाचं बाळंतपण करत बसले असंल तवाबी?"

"होय."

"अव्वाला मी अर्धा शेर दूध घेते," त्या हळू म्हणाल्या. "शेरभर परवडत न्हाय म्हणून. आणि हितं रोज शेरभर ओतत होते."

मग त्यांनी वही उघडली आणि माझ्याकडून एकेक आकडा मागून घेतला. महिना पस्तीस भरले तर किती वर्षं, चाळीस भरले तर किती. मी सांगत गेलो. साठवर त्या थांबल्या. ते दोनशे रुपये मुद्दलात टाकून महिना साठ भरले, तर पाच वर्षांत कर्ज संपत होतं. चौदाची पाच. हा दुसरा धक्का, आणि तो माझ्या वाट्याचा. दुप्पट हप्त्यानं वेळ निम्म्याहूनही एवढा खाली येतो, हे मला माहीत नव्हतं, आणि मी त्या कामाचा पगार घेत होतो.

त्या आठवड्यात माझा स्वतःचा घरकर्जाचा अर्ज मी सेक्रेटरींच्या फायलीतून परत काढून घेतला. तोही वीस वर्षांच्या मुदतीचा होता. पुढं मी एकच खोली बांधली, सात वर्षांच्या बोलीवर.

बाईंनी पुढच्या दोन्ही खोल्या भाड्यानं दिल्या. बांधकाम खात्यातल्या एका ओव्हरसियरचं कुटुंब आलं, तीस रुपये भाडं. मायलेकी मागं स्वयंपाकघरात गेल्या. अव्वाची बाज सरपणाच्या पडवीत लागली. तिथून शेजाऱ्याच्या भिंतीशिवाय काही दिसायचं नाही. अव्वा सुरुवातीला रोज विचारायची, गाडी गेली का? बाई आवाजावरून सांगायच्या, गेली. ओव्हरसियरची बायको चांगली होती. ती म्हणाली, आजींना दिवसा पुढं बसू द्या, आमची काही अडचण नाही. बाईंनी नाही म्हटलं. "भाडं घेतलं की खोली तुमची. उद्या तुमी म्हणाल, पाच रुपये कमी करा."

आणि त्यांनी आणखी एक गोष्ट सुरू केली. शनिवारी आमच्याकडं नवे अर्ज यायचे. दवाखान्याची पाळी नसली की बाई येऊन बाकावर बसायच्या. कुणी शिक्षक, कुणी तलाठी अर्ज घेऊन आला की विचारायच्या, "सगळे मिळून किती भरणार, विचारलं का?" तो गोंधळून माझ्याकडं बघायचा. मग मला बेरीज करावी लागायची. एका मास्तरांनी तो आकडा ऐकून अर्ज घडी करून खिशात घातला आणि ते पाणीही न पिता निघून गेले.

सेक्रेटरी वैतागले. "बाई, अशानं माणसं पळतील."

"पळू द्या की. पळता येतंय तवर पळू द्या."

शेवटी मीच प्रत्येक अर्जावर तांबड्या शाईनं, मराठीत, एकूण रक्कम लिहायला लागलो. सेक्रेटरींनी दोन-चार दिवस कुरकुर केली, मग काही बोलले नाहीत. अर्ज थोडे कमी झाले. पण जे आले त्यांनी मुदत कमी करून मागितली.

चौथ्या वर्षी थंडीत अव्वा गेली. त्याच पडवीत. मी भेटायला गेलो तेव्हा बाई पाटावर बसून तांदूळ निवडत होत्या. मी सांत्वनाचं काहीतरी बोललो. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "अजून तेरा हप्ते हायत."

तेराही वेळेवर आले. शेवटच्या दिवशी सेक्रेटरींनी चहा मागवला. गहाण सुटल्याचा कागद मी बाईंच्या हातात दिला. त्यांनी माझ्याकडून तो शब्द न शब्द वाचून घेतला, मग विचारलं, "एकूण किती गेले माझे?"

"पाच हजार नऊशे साठ. वीस वर्षं भरलं असतं तर सात हजारांच्या वर गेलं असतं, बाई. तुम्ही हजारावर रुपये वाचवले."

त्यांनी आकडा वहीत लिहिला.

"ह्यात अव्वा धरली न्हाय," त्या म्हणाल्या, आणि वही मिटली.

मी खतावणीच्या त्या पानावर आडवी रेघ मारत होतो. मारायची राहिली.

ओव्हरसियरची बदली झाली आणि पुढच्या खोल्या मोकळ्या झाल्या. बाई निवृत्त झाल्या. मला वाटलं, आता त्या पुढं राहायला येतील. एकदा गेलो तर पुढची खोली झाडून, चुना लावून लख्ख ठेवलेली, आणि आत एक चटईसुद्धा नव्हती. बाई मागंच राहत होत्या. मला त्यांनी पडवीत बसवलं, गूळ घातलेला चहा दिला, माझ्या मुलीची चौकशी केली. पुढं का राहत नाही, हे विचारायचं माझ्या तोंडावर आलं होतं. त्यांनी ते ओळखलं असावं, कारण त्या उठून भांडी घासायला लागल्या.

निवृत्तीनंतर दीड वर्षानं त्या गेल्या. दोन दिवसांच्या तापाचं निमित्त झालं. शेजारच्यांनी कळवलं तसा मी आणि सेक्रेटरी दोघंही गेलो. मुरुमहून त्यांचे लोक आले होते. रस्त्यापर्यंत माणसं उभी होती, आणि त्यांतली कितीतरी बाईंच्याच हातावर जन्मलेली.

त्यांच्या समाजात माणसाला निजवून नेत नाहीत, बसवून नेतात. पुढच्या खोलीत बाईंना भिंतीशी टेकवून बसवलं होतं. कपाळाला विभूती, गळ्यात झेंडूचे हार, दोन्ही हात मांडीवर सैल पडलेले. खोली परत हाती आल्यापासून त्या तिथं बसलेल्या कुणी पाहिल्या नव्हत्या. दार सताड उघडं होतं आणि त्यांच्या चेहऱ्यावर रस्त्यावरचं ऊन पडलं होतं.