रानकुत्र्यायच्या पायाचा आवाज

प्रमोद गेला.
आन मी अजूनही त्याच्यावर जळून राह्यलो.

सकाळपासून सगळे त्यानं काढलेला वाघिनीचा फोटो टाकून राह्यले. खाली लिहिते, 'बालाघाटची शान'. हौ बाबा, होताच शान. मंग मी कोन होतो?

दोघायनं एक सेकंडहँड कॅमेरा घेऊन लगनाचं शूटिंग सुरू केलतं. लामता, परसवाडा, जिथं मांडव तिथं आमी. तो कॅमेरा धरे, मी लाइट.

उकवा गावच्या एका लगनात पठ्ठ्या नवरदेवाले सोडून मांडवामागच्या झाडावरचं घुबड शूट करत बसला. वरमालेचा शॉट सुटला. नवरीच्या मामानं झापलं मले, आन हा हसून राह्यलता.

तिथून तो जंगलात गेला. मी लगनातच राह्यलो, शूटिंगचं दुकान टाकलं.

पहिली फिल्म रानकुत्र्यायवर. पिक्चर एकदम झक्कास, पन कॅमेरा इतका दूर होता का माइकमधी नुसती हवा. आला माह्या दुकानात. "राजू, तुले पायाचा आवाज काढता येते का रे?"

पोतंभर सागाची सुकी पानं आनली. शटर खाली ओढलं, कूलर बंद केला, आन मी दोन्ही हातानं त्या पानायवर धावलो.
तो स्क्रीनकडं पाहून म्हने, आता पिल्लू आलं, हलकं चाल. मंग मी बोटायनं चाललो.
हाड फोडाच्या आवाजासाठी ऊस दाढेखाली मोडला. ती दाढ पुढं काढावीच लागली.

मंग हरेक फिल्मले तेच. सांबर मी, अस्वल मी. मोराचे पंख म्हनजे माही जुनी छत्री.

पहिल्या फिल्मले दिल्लीत बक्षीस भेटलं. स्टेजवर कोनीतरी विचारलं, एवढा जवळचा आवाज कसा घेतला. हा म्हनला, धीर धरा लागते. हे त्यानं फोनवर मलेच सांगतलं, हसत हसत. मीही हसलो. त्या दिवशी जेवन गेलं नाई.

माहं नाव शेवटी, आभारात. ढाबेवाल्याच्या खाली.

मागच्या महिन्यात दवाखान्यात भेटाले गेलतो. तेव्हा विचारूनच टाकलं, लोकायले सांगतलं काहून नाई?

मंग म्हनला, "सांगतलं असतं तं तुले कोनी बंबईले घेऊन गेलं असतं. मंग मी काय केलं असतं?"

म्हनजे तोही जळत होता. माह्यावर! सांगाचं तं होतं लेका, आयुष्यभर एकटाच जळत राह्यलो मी.

आज दुपारी शोकसभेत तीच फिल्म लावली. रानकुत्रे धावले आन अख्खा हॉल चिडीचूप. मागून कोनी म्हनलं, "काय कान होता प्रमोदचा."

मी हात खिशात घातले.

जाय भाऊ. माही श्रद्धांजली अशीच, जळता जळता.
पुढच्या खेपेले कॅमेरा मी धरतो. पानायवर हात तू चालव.