गवती चहाचे वाटे

कुंडीला हात लावण्याआधी काकू तिच्यावर बोटाच्या पेराने तीनदा टकटक करायच्या, दार वाजवावं तशी. मग म्हणायच्या, "मी आले गं. आता कापणार हं." न सांगता झाडाला सुरी लावायची नाही, हा त्यांचा नियम.

इथे आखातात, करामा भागात आम्ही शेजारी, भिंतीला भिंत. काकू मुलाबरोबर राहायच्या. काका इथेच वारले होते. "ह्यांचं सगळं इथे झालं, आता मी कुठे जाणार?" हे त्या दिवसातून एकदा तरी म्हणत.

ऑक्टोबरअखेर उकाडा मोडला, की गॅलरीतला गवती चहा त्या वाटायला काढत. तुम्ही म्हणाल, थंडी येताना झाडं झाकून ठेवायची असतात. इथे उलटं. उन्हाळाभर जीव मुठीत धरून बसलेली झाडं थंडीत अंग धरतात. काकू पाती वीतभर ठेवून छाटत, ठोंब कुंडीतून काढून सुरीने फोडत, कापल्या जागी हळद लावत. मग प्रत्येक वाट्याशी तोंड नेऊन मजल्यावरच्या एकेका घराचं नाव पुटपुटत. एक वाटा स्वतःच्याही घराचा. आपल्या वाट्याची कुंडी ज्याने त्याने आपल्या दाराबाहेर ठेवायची. "थँक्यू म्हणू नकोस, मग झाड लागत नाही," असं वर बजावत.

मला हसू यायचं. चहात घालायला बरा, म्हणून मी घेत असे. पण दोन-तीन वर्षांत एक गोष्ट माझ्याही लक्षात आली. ज्या घरचा वाटा सुकला, ते घर महिन्याभरात बिऱ्हाड आवरून गेलं. आधी कोपऱ्यातलं मल्याळी कुटुंब, मग समोरचे पुणेकर. काकूंना विचारलं, तर म्हणाल्या, "मी काय करते? त्याला आधी कळतं. त्याचं खलास, की त्यांचं खलास."

गेल्या वर्षी आमचा वाटा पिवळा पडला.

त्याच आठवड्यात नवऱ्याच्या ऑफिसात कमी करायच्या माणसांची यादी होतेय, असं कळलं. लेकीची शाळा इथली, गावाकडे आमचं काही नाही. मी खत घातलं, देवाचं नाव घेतलं, पाती पिवळीच. शेवटी एका दुपारी, काकू झोपल्या असतील असं धरून, मी आमच्या दोन दारांबाहेरच्या कुंड्यांची अदलाबदल केली. मी शिकलेली बाई आहे, हे सांगताना आजही लाज वाटते.

नवऱ्याचं नाव यादीत आलं नाही. पंधरा दिवसांनी काकूंच्या मुलाच्या कंपनीने इथलं ऑफिस बंद केलं.

निघायच्या दिवशी काकू तीच कुंडी घेऊन दारात आल्या. पाती हिरवीगार झाली होती. "धर, तुझी तुला. तू बदललीस तेव्हा मी आयहोलमधून बघत होते."

"काकू, मग बोलला का नाहीत?"

"पोर लहान आहे गं तुझी. माझं काय, होईल कसंतरी, इन्शाल्ला."

त्यांनी माझ्या गालावरून हात फिरवला. बोटांना हळदीचा वास होता. मी नुसती रडत राहिले. माफी मागायची राहिली ती राहिलीच, कारण चिपळूणला पोचून महिन्याभरात त्या गेल्या.

यंदा मी ठोंब फोडला. टकटक केली, हळद लावली, घरांची नावं घेतली. एका वाट्याला काकूंचं नाव दिलं आणि ती कुंडी त्यांच्या दाराबाहेर ठेवली. फ्लॅट अजून रिकामाच आहे, दाराला कुलूप आहे. सकाळी पाणी घालायला गेले, तर माती आधीच ओली. दुसऱ्या दिवशीही तेच. वॉचमनला विचारलं.

"मैंने नहीं डाला, मॅडम. इधर कौन आता है?"

"मम्मा, देन हू इज वॉटरिंग इट?" लेकीने विचारलं. मी तिला शाळेच्या बसकडे पिटाळलं.

आता मी रोज सकाळी त्या कुंडीवर तीनदा टकटक करते. "मी आले, काकू, चुकले मी," एवढं म्हणते. आणि मान खाली घालून घरात येते. त्या दाराच्या आयहोलकडे बघायचं धाडस मला अजून झालेलं नाही.