रुसक्यांचं नवं दार

आमच्या वाडीत आडनावाला काही किंमत नाही. म्हणजे आडनाव आहे, चांगलं भारदस्त आहे, सातबाऱ्यावर आहे, आधार कार्डावर आहे. पण वाडीतल्या जवळजवळ प्रत्येक घराचं तेच आहे. त्यात आजोबांचं नाव नातवाला ठेवायची हौस. त्यामुळे पोस्टमननं पाणंदीत उभं राहून पाकिटावरचं पूर्ण नाव मोठ्यानं वाचलं, की दोन म्हातारे आणि एक कॉलेजातला मुलगा सही करायला पुढे येतात. म्हणून वाडीनं आपली सोय आपणच केली आणि घराघराला नावं लावली. विहिरीवरचे. वरच्या खळ्यातले. बोटवाले; यांचा पणजोबा बोटीवर खलाशी होता. बोट केव्हाच भंगारात गेली, पण हे अजून बोटवालेच.

आणि आम्ही रुसके.

हसा, खुशाल हसा. दिवसा मी रत्नागिरीत एका कचेरीत कारकून असतो, पण शिमग्यात आमच्या नमनाच्या खेळात मावशीचं काम करतो. लुगडं नेसून, मिशी तशीच ठेवून, गवळणींच्या पुढे ठुमकत जातो. लोक हसले नाहीत तर मला घास उतरत नाही. तर वाडीत मी ‘रुसक्यांचा थोरला’, माझी आई ‘रुसक्यांची म्हातारी’, आणि आमच्या म्हशीलासुद्धा, ती होती तोवर, ‘रुसक्यांची’ म्हणूनच दुसऱ्याच्या शेतातून हाकलत.

हे नाव आलं कुठून? वाडी सांगते, माझा पणजोबा स्वतःच्या लग्नात रुसला. त्या काळी जेवणाच्या पंगतीत नवऱ्या मुलानं रुसायचं, सासऱ्यानं समजूत काढायची, काहीतरी हातावर ठेवायचं, मग पहिला घास, अशी रीतच होती. पणजोबानं छत्री मागितली. वाकड्या मुठीची. सासऱ्यानं सरळ मुठीची आणली. पणजोबा उठला आणि गडग्यावर, म्हणजे दगड रचून केलेल्या कुंपणावर, जाऊन बसला. भात निवला, वऱ्हाड निवलं, हा बसलेलाच. चुलतभाऊ ही गोष्ट सांगतो तेव्हा पणजोबा संध्याकाळपर्यंत बसतो. त्याची बायको सांगते तेव्हा पाऊस सुरू होतो आणि छत्री असूनही पणजोबा भिजतो.

माझ्या आत्याचं म्हणणं निराळं. ती म्हणायची, “कोण मेला रुसला? माणसं नाय रे रुसलेली, घर रुसलंय.” आणि ते खरंच दिसायचं. वाडीतली सगळी घरं पाणंदीकडे तोंड करून बसलेली. आमच्या घराचं दार मात्र मागे, उताराच्या बाजूला. पाणंदीकडे नुसती जांभ्याची कोरी भिंत. येणाऱ्याजाणाऱ्याकडे पाठ फिरवून बसलेलं घर. बांधणाऱ्यानं वारा बघितला असेल, पाणी बघितलं असेल. लोकांनी पाठ बघितली.

आता यात दुःख काय, असं तुम्हाला वाटेल. दुःख हे, की नाव रुसके आणि रुसायची मात्र बंदी. तोंड जरा कुठे वाकडं झालं की पाणंदीतून हाक आलीच, “रुसला गो, रुसक्यांचा रुसला!” माझे वडील लग्नाकार्यात शेवटच्या पंगतीला बसायचे, गार भात जेवायचे आणि वाढप्याला म्हणायचे, “वा, काय झालंय जेवण!” भाऊबंदांत हापूसच्या कलमांची वाटणी झाली. खालची मातीची बाजू, जुनी, भरपूर धरणारी झाडं, सगळी चुलत्याकडे गेली. आम्हाला वरचा कातळ आला. वडिलांनी तोंड उघडलं होतं. मी पडवीत होतो, मी बघितलं. चुलता हसत म्हणाला, “काय रे, रुसतोस की काय?” वडिलांनी तोंड मिटलं आणि तेही हसले.

त्या कातळावर आजही गवताशिवाय काही येत नाही.

मी स्वतः जन्मात फक्त नमनात रुसलो. मावशीला कृष्णावर रुसावं लागतं. हनुवटीवर बोट, पदराचा झटका, पाठ फिरवून एक डोळा मागे. टाळ्या पडतात. लुगडं सोडलं की मी पुन्हा गार भाताची स्तुती करणारा.

लेकीचं लग्न ठरलं तेव्हा मी पक्कं केलं, हे नाव आता घरातून जायला पाहिजे. मुलगा मूळचा मंडणगडकडचा, दोघं मुंबईत एकाच ऑफिसात. त्याच्याकडची माणसं येणार, आमची वाडी येणार, आणि भर हॉलमध्ये कोणीतरी बोंबलणार, “रुसक्यांची नवरी आली!” माझ्या पोरीनं नव्या घरी पहिलं पाऊल टाकायच्या आधी हे नाव तिथे जाऊन बसणार. आणि मग वडिलांसारखी तीही जन्मभर हसत गार भात जेवणार. नाही म्हणजे नाही!

मी आत्याचा सिद्धांत धरला. घर रुसलंय ना? मग घराचं तोंड फिरवू. गवंडी बोलावला आणि पाणंदीकडची ती कोरी भिंत फोडायला लावली. लाल धुरळा थेट बोटवाल्यांच्या वाळवणावर गेला. आई पडवीत बसून होती.

“दार फोडून नाव जातं होय रे?”

“जातं की नाही बघच तू.”

“तुझा बापूस नुसता गप बसायचा. तू भिंती फोडतोस. डोकं तेच.”

सागवानी दार बसलं. त्यावर पितळी पाटी लावली; खरं आडनाव, ठसठशीत. दारासमोर रांगोळी काढली, पाणंदीतल्या प्रत्येकाला बोलावून लाडू दिला आणि हात जोडून सांगितलं, “आता घराचा रुसवा संपला.” सगळ्यांनी लाडू खाल्ला, दार वाजवून बघितलं, सागाला नावं ठेवली. आणि नंतर थोड्याच दिवसांत मी कामावरून येताना चुलतभाऊ कोणाला तरी फोनवर रस्ता सांगत होता. हा त्याच चुलत्याचा मुलगा, कलमांचा आजचा मालक, आणि वाडीतला पहिल्या नंबरचा टिंगलखोर. “सरळ वर ये रे. रुसक्यांच्या नव्या दाराशी डावीकडे वळ.”

मी पाटीकडे बघितलं. पाटीनं माझ्याकडे बघितलं.

मग एकच मार्ग उरला. लग्नाच्या दिवशी आमच्या घरातलं कोणीही, कशावरही रुसायचं नाही. मी घरात तसा हुकूमच काढला. बायको हो म्हणाली, आई नुसती हुंकारली. लेक मुंबईहून व्हिडिओ कॉलवर होती.

“बाबा, आणि त्यांनी माझं नाव बदलायला काढलं तर?”

“हल्ली कोण बदलतं?”

“त्यांच्यात अजून बदलतात. मी ह्याला सांगितलंय, मला नको. हा हो म्हणालाय.”

“झालं तर मग!”

“घरी सांगतो म्हणालाय,” लेक म्हणाली. त्या ‘म्हणालाय’कडे मी लक्ष द्यायला हवं होतं.

लग्नाचा दिवस मी असा काढला की मला बक्षीस मिळायला हवं होतं. आईची खुर्ची कोणीतरी उचलून नेली, मी हसलो. व्याह्यांच्या एका पाहुण्यानं मला हॉलचा मॅनेजर समजून पंखा लावायला सांगितला, मी लावला, वर विचारलं, “आणखी वाढवू?” मसालेभात माझ्यापर्यंत येता येता संपला, मी जिलबीची स्तुती केली. चुलतभाऊ दिवसभर माझ्या तोंडाकडे टक लावून होता. शेवटी म्हणाला, “दादा, बरा आहेस ना? अजून रुसला नाहीस तो?” मी त्याला विडा भरवला.

हॉल संध्याकाळपर्यंतच मिळतो, आणि मंडणगडच्या गाड्यांना लांब जायचं होतं, म्हणून लक्ष्मीपूजनही तिथेच उरकायचं ठरलं होतं. नवरानवरी पाटावर बसली. मुलाची मोठी काकू परात घेऊन आली. परातीत तांदूळ, तांदळावर सोन्याची अंगठी, बाजूला पेढ्यांचा बॉक्स. बाई कष्टाळू, प्रेमळ. सकाळपासून माझ्या आईला दोनदा चहा आणून दिलेली.

“लिही रे, आम्ही ठरवलंय ते नाव,” ती पुतण्याला म्हणाली.

पुतण्यानं माझ्या लेकीकडे बघितलं, मग छताकडे. घरी सांगायचं राहिलं होतं.

“काकू, माझं नाव आहे तेच राहू दे,” लेक हळू आवाजात म्हणाली.

“अगो, कागदावर राहू दे की. घरात हाक मारायला नवं. माझं बदललं, तुझ्या सासूचं बदललं. काय झालं आम्हाला? लिही रे तू.”

त्यानं अंगठी उचलली. माझ्या लेकीनं पाट मागे सरकवला, हात मांडीवर ठेवले आणि सगळ्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली,

“मी रुसले.”

मागून चुलतभाऊ गरजला, “शेवटी रुसक्यांची ती!” आणि आमची वाडी अशी हसली की सनईवाल्यानं वाजवायचं थांबवलं.

“समजवा की हो तिला,” काकू माझ्याकडे वळली. “तुम्ही बाप आहात.”

सगळा हॉल माझ्याकडे बघत होता. अख्खा दिवस मी निभावला होता. आता उठायचं, लेकीच्या डोक्यावर हात ठेवायचा, म्हणायचं, ‘राहू दे बाळा, एवढंसं तर आहे,’ की नाव पुसलं गेलं. नुसतं माझ्या घराला लागलेलंच नाही, तर तिच्या कानात माझ्या बहिणीनं बारशाला पाठीवर धपाटे खात सांगितलेलं तेही. मी चुलतभावाकडे बघितलं. तो हसत होता, अगदी त्याच्या बापासारखा.

मी गेलो आणि लेकीच्या शेजारी, पाटाशिवाय, खाली फरशीवर मांडी घालून बसलो.

“मीपण रुसलो.”

मावशीचे सगळे हावभाव मला येतात. हनुवटीवर बोट नेता आलं असतं, पदर नसला तरी उपरण्याचा झटका देता आला असता. काहीच केलं नाही. नुसता बसलो. खरं रुसताना हातांना काही कामच नसतं, हे मला त्या दिवशी कळलं.

मागून आईचा आवाज आला, “माझ्या गुडघ्यांनी मला खाली बसवत नाही. पण मी इथूनच रुसले.”

बायको पर्स सावरत आली आणि माझ्या पलीकडे बसली. “मला तर लग्न झाल्यापासून रुसायचं राहिलंय,” ती म्हणाली आणि सासूकडे बघितलं. तिचं नाव परातीत माझ्या आईनंच बदलायला लावलं होतं. आई पंख्याकडे बघत राहिली.

आता काय करायचं कोणाला कळेना. हॉलची माणसं खुर्च्या गोळा करू लागली होती. ड्रायव्हर दारात येऊन गेला. काकू परात धरून उभी. एकाची समजूत काढता येते. चौघांची कुठून काढणार? शेवटी जावई हलला. परात काकूच्या हातातून स्वतःच्या मांडीवर घेतली आणि अंगठीनं तांदळात माझ्या लेकीचं नाव लिहिलं, तेच, बारशाचं. अक्षर भयंकर. पण तिला वाचता आलं. ती पाटावर पुढे सरकली.

“मग आता मी रुसले,” काकू म्हणाली आणि खरोखरच भिंतीकडे तोंड करून बसली.

माझी लेक उठली, पेढा घेऊन तिच्यामागे गेली आणि खाली वाकून बराच वेळ काहीतरी बोलत राहिली. काय बोलली मला माहीत नाही. काकूनं आधी मान उडवली, मग हसू दाबलं, मग पेढा खाल्ला. गाड्या सुटल्या तेव्हा दोघी एकाच गाडीत होत्या.

पुढच्या आठवड्यात मंडणगडहून लेकीचा फोन आला. “बाबा, इथे आमच्या घराला काय म्हणायला लागलेत सांगू?”

“नको सांगूस.”

“रुसकीचं घर! काकूच सगळ्यांना सांगत फिरतेय.” ती इतकी हसत होती की मला फोन कानापासून लांब धरावा लागला. खरं आडनाव बापाकडून येतं. त्यात आपण काय करणार? हे मात्र माझी पोर स्वतः घेऊन गेली.

फोन ठेवला, पायात चपला घातल्या आणि नव्या दारानं बाहेर पडलो. चुलतभावाच्या घरापुढच्या खळ्यात जाऊन ओट्यावर बसलो.

“काय रे दादा?”

“रुसलोय.”

“आता कशावर?”

“कलमांवर.”

त्याचं हसू अर्ध्यात अडकलं. “मेल्या, ती वाटणी होऊन किती वर्षं झाली!”

“हो. उशीर झाला खरा. वेळ नव्हता.”

त्याची बायको चहा घेऊन आली. आल्याचा होता, वास थेट नाकात. मी मान फिरवली. तिनं कप माझ्याजवळ ठेवला, नवऱ्याकडे बघितलं आणि आत जाता जाता म्हणाली, “आज पाऊस नाय. बसतील ते.”

तेव्हापासून मी रोज संध्याकाळी कामावरून आलो की तिथे जाऊन बसतो. तो आधी टिंगल करायचा, मग ओरडायचा, हल्ली गप्प असतो. काल म्हणाला, खालच्या बाजूची थोडी झाडं बघता येतील. मी विचारलं, थोडी म्हणजे कुठली? तो आत गेला.

चहा मी अजून घेतलेला नाही.