भितर काय आसा?

कलिंगड असो, दार असो की आमच्या ऑफिसचं टेबल; काका आधी वाकवलेल्या बोटाने ठोकत आणि विचारत, "भितर काय आसा?" उत्तराची अपेक्षा माणसांकडून नसे. त्यांचा कान वस्तूकडे लागलेला असे.

काका कुडाळकडचे. तरुणपणी त्यांनी जांभ्याचे चिरे काढले होते. बहारीनमधल्या आमच्या कंपनीत मात्र थर्माकोलवर सिमेंटचा पातळ थर चढवून ते 'दगडी' खांब बनवत. मी तिथे पत्रव्यवहार पाहायची. दगडाची नस ओळखणारे हात थर्माकोल तासताना पाहिले की माझं डोकं फिरे. ते हसत. "पोट आसा ना गो बाय."

तिथल्याच अमवाज बेटांवरच्या एका मालकांना व्हिला हवा होता, पाचशे वर्षांपूर्वीच्या फ्लॉरेन्समधल्या महालासारखा. मी काकांना त्या महालाचा फोटो दाखवला. त्यांनी तो उजेडाकडे धरला.

"खाली दगड रांगडो, वर जाता जाता गुळगुळीत. गवंडी शाणो होतो." मग हळूच, "ह्येच्या भितर दगडच आसतलो."

शुक्रवारी ते मुहर्रकच्या जुन्या किल्ल्याला पाठ टेकून बसत. समुद्रातल्या दगडाची ती भिंतही साधारण त्याच काळातली. उन्हात तिला चुन्याचा, मिठाचा कोमट वास येई. ठोकली तरी ती गप्प. "भरलेली आसा," काका समाधानाने म्हणत.

व्हिलाच्या दर्शनी चार खांबांवर सज्जा होता. नकाशात प्रत्येक खांबाच्या पोटात लोखंड होतं. शेवटचा हात देण्याआधी काकांनी खांब ठोकले आणि आमच्या कंपनीच्या इंजिनिअरला गाठलं.

"साब, चारों पोकळ है. ऊपर बच्चा लोग नाचेगा."

"काका, तुम इंजिनिअर है क्या? यल्ला, चलो, रंग मारो!"

दुसऱ्या सकाळी काकांनी हातोडा घातला आणि एक खांब फोडला. पांढरे दाणे वाऱ्यावर उडाले. लोखंड नव्हतं. मालक येण्याआधी त्या खांबाला ताडपत्री गुंडाळली गेली, आणि 'मालमत्तेचे नुकसान' म्हणून काकांचा व्हिसा रद्द झाला. ते पत्र कोणी टाइप केलं? मी. या बोटांनी.

"खलास?" त्यांनी विचारलं.

"खलास, काका."

गृहप्रवेशाला आम्हा सगळ्यांना बोलावणं होतं. अत्तर, वेलचीची कॉफी, वर सज्ज्यात मुलांची धावती पावलं. तुम्हीही तिथे असतात तर खांबांची तारीफच केली असती. मी बोट वाकवलं. फोडलेला खांब मुका होता. त्यात लोखंड घातलं होतं. उरलेले तिन्ही ढोलासारखे बोलले. जेवढं उघडं पडलं, तेवढंच दुरुस्त केलं होतं, हरामखोरांनी!

"चलो, फोटो," खजूर चघळत इंजिनिअर म्हणाला.

मी मालकिणीचा हात धरला आणि तिची बोटं खांबावर आपटली. एकदा, दोनदा. आवाज ऐकून ती दचकली.

"आत काय आहे?" तिने विचारलं.

"आधी मुलांना खाली बोलवा," मी म्हणाले. "मग सांगते."