मी अनुमोदन देतो

अमरावतीत त्या काळी कापूस जसा पिकायचा तसे वक्ते पिकायचे. कापसातून निदान सरकी तरी निघायची. मी सरकी काढायच्या जिनिंग कारखान्यात वजनाचा कारकून होतो, म्हणून हा फरक मला चांगला कळायचा.

त्या वक्त्यांचे मेरुमणी म्हणजे आमचे वकीलसाहेब. कोर्टात ते फारसे बोलत नसत. तिथे समोर न्यायाधीश असतो, आणि तो उलट विचारतो. सभेत मात्र त्यांना आवरणं कठीण. ‘बोलण्याचे धैर्य’ हे त्यांचं गाजलेलं व्याख्यान मी किती वेळा ऐकलं ते देवाला ठाऊक. “बंधूंनो, जीभ दिली आहे ती भाकरी फिरवण्यापुरती नव्हे. उठा, निर्भयपणे बोला!” या वाक्याला टाळी पडायचीच, आणि ती पडेपर्यंत ते थांबायचे.

एकदा हेच व्याख्यान द्यायला ते अकोल्याला गेले, तेव्हा बडनेऱ्याला गाडीत बसताना त्यांचं उपरणं आणि दुधाचा तांब्या माझ्या हातात होता. अकोल्याच्या सभेत “निर्भयपणे बोला” ऐकून एक शेतकरी खरंच उठला. “साहेब, मले एक इचारायचं हाय,” एवढंच तो म्हणाला. “प्रश्न शेवटी,” साहेब म्हणाले. शेवटी हार झाले, आभार झाले, पानसुपारी झाली. तो माणूस दाराशी पागोटं सावरत उभा होता. मी त्याच्या अंगावरून तांब्या घेऊन गेलो.

आता मी कोण, ते सांगतो. मी अनुमोदक होतो. सभेचा रिवाज असा की अध्यक्ष कोण ते हँडबिलावर छापलेलं असे, ते खुर्चीत येऊन बसलेलेही असत, तरी त्यांना अध्यक्ष करावं अशी कोणीतरी सूचना मांडायची आणि दुसऱ्या कोणीतरी तिला अनुमोदन द्यायचं. पुढे ठराव आले की पुन्हा तेच. माझा आवाज खणखणीत, धोतर स्वच्छ, आणि स्वतःचं मत काहीच नाही. वकीलसाहेबांनी हा हिरा बरोबर ओळखला. भाषण संपलं की ते चष्मा काढून उपरण्यानं पुसायचे. ती खूण होती. मी उठायचो आणि म्हणायचो, “वकीलसाहेबांनी मांडलेल्या सूचनेस मी मनःपूर्वक अनुमोदन देतो.” मग बसायचो. बारा वर्षं मी हे एकच वाक्य बोललो आणि गावात मला लोक वक्ता म्हणू लागले. व्यासपीठाच्या कडेला माझी एक खुर्ची असे. त्या खुर्चीचा मला किती गर्व होता हे आठवलं की आज तोंड कडू होतं.

बायको दर्यापूरकडची, शेतकऱ्याघरची. मी सभेहून आलो की भाकरी वाढताना विचारायची, “काय बोलले आज?”

“अनुमोदन दिलं.”

“म्हंजे काय?”

“साहेब म्हणाले ते बरोबर आहे, असं म्हटलं.”

“थे तर त्याईनं म्हटलंच होतं. तुमी काहून गेलते मंग?”

अडाणी बाई, असं मी मनात म्हणायचो.

आम्हाला एकच मुलगी. वकीलसाहेब ज्या मुलींच्या शाळेचे अध्यक्ष होते, तिथं चौथीच्या पुढचा वर्ग नुकताच निघाला होता. नऊ मुली होत्या, त्यातली एक माझी. कॅम्पाच्या टोकाला मिशनची शाळा होती, पण तिथं मुलगी घालायला आमची भावकी तयार नव्हती. भावाची दर दोन महिन्यांनी पत्रं यायची की पोरगी मोठी झाली, स्थळ पाहा. त्याला मी एकच उत्तर धाडायचो, ती शिकते आहे. तो वर्ग होता तोवर तिचं लग्न थांबलेलं होतं, हे घरात तिघांनाही माहीत होतं.

शाळेच्या वार्षिक सभेला मी नेहमीसारखा खुर्चीत होतो. साहेब ग्रीसपासून निघाले. रोमला बराच मुक्काम झाला. मी पंख्याकडे बघत होतो. त्यांनी चष्मा काढला, पुसला. मी उठलो, मनःपूर्वक अनुमोदन दिलं, बसलो. टाळ्या झाल्या. मग चिटणिसानं वहीत उतरवण्यासाठी ठराव वाचून दाखवला: अमरावतीत वक्तृत्वाची उपासना व्हावी म्हणून शाळेच्या आवारात वक्तृत्वमंदिर सुरू करावं, आणि त्याला जागा हवी म्हणून मुलींचा वरचा वर्ग या सालापासून बंद करावा.

“कुणास काही बोलायचे आहे काय?” साहेबांनी रिवाजाप्रमाणे विचारलं.

मला बोलायचं होतं. नुसतं “मी अनुमोदन परत घेतो” म्हटलं असतं तरी भागलं असतं. पण अनुमोदकानंच उलटं बोलायचं, हे कसं दिसलं असतं? माझी भाकरी काही त्या माणसाच्या हातात नव्हती. असती तर स्वतःला माफ करायला निमित्त तरी मिळालं असतं. मी मूग गिळून बसलो तो फक्त त्या खुर्चीसाठी. ठराव एकमतानं पास झाला.

घरी सांगितलं, शाळेनं वर्ग बंद केला. “शाळेनं?” बायको म्हणाली, आणि पुढं काही विचारलं नाही. पोरीला मात्र चिटणिसाच्या मुलीकडून सगळं कळलं. ती माझ्याशी बोलायची बंद झाली. मी भावाला पत्र लिहिलं नाही, पण त्याला बातमी लागलीच.

महिन्याभरात वक्तृत्वमंदिराचं उद्घाटन झालं. भिंतीवर मुलींचा फळा तसाच होता, त्यावर आता सुविचार लिहिला होता. आणि या लोकांची अक्कल अशी की स्वागतगीत म्हणायला त्याच नऊ मुलींना बोलावलं. बायकोही आली होती. बायकांच्या बाजूला शेवटच्या सतरंजीवर बसली होती.

गीत झालं. साहेबांनी “उठा, निर्भयपणे बोला” म्हटलं आणि टाळीसाठी थांबले. तेवढ्या जागेत माझी मुलगी उठली.

“हा आमचा वर्ग होता,” ती म्हणाली. “आमी आता कुठं बसायचं?”

टाळी पडली नाही. साहेबांनी चष्मा काढला. सवयीनं माझे पाय हलले, पण मी उठलो नाही.

“कुणाची मुलगी ही?” साहेबांनी विचारलं.

बायको उठली. जन्मात तिनं सभा पाहिली नव्हती. डोईवरचा पदर सारखा करून म्हणाली, “माही हाय. तिनं इचारलं त्याचं उत्तर द्या.”

“हिचे वडील कुठे आहेत? वडिलांना बोलवा.”

साहेबांना ते चांगलं माहीत होतं. मी त्यांच्यापासून चार हातांवर बसलो होतो. सगळी सभा माझ्याकडे वळली. एवढी शांतता मला कुठल्याच सभेत मिळाली नव्हती, आणि बोलायला याहून सोपं वाक्य जगात नव्हतं. मुलगी माझ्याकडे बघत राहिली. तिनं वाट पाहिली, हे मी शपथेवर सांगतो. मग तिनं मान वळवली.

“बाबाले इचारून काय होते,” ती म्हणाली. “थे हो म्हनतात.”

साहेब आधी हसले. मग सभा हसली. आणि त्यांच्या मागोमाग मीही हसलो.