पुलाची की दरीची

आमच्याकडे हिमनदीच्या पोटातून निघालेल्या सगळ्याच नद्यांना योकुल्सा म्हणतात. मग घोळ नको म्हणून प्रत्येकीला एक शेपूट जोडायचं. ही आमची लांबलचक, राखेसारखी गढूळ, पार समुद्रापर्यंत जाणारी. पूर्व काठावरची स्टेनवर हिला ‘दरीची योकुल्सा’ म्हणायची आणि समोरच्या काठावरचा एवींदुर ‘पुलाची’.

“पूल दाखव की मेल्या एक तरी!” ती म्हणायची.

“होता. आजोबांच्या आधी. दगडाचा.”

“आजोबांच्या आधी मीसुद्धा सुंदर होते!”

दोघंही एकटी, दोघंही साठी उलटलेली, आणि आसपास तिसरं घर नाही. नदीची गाज अशी की घसा फोडून ओरडलं तरी पलीकडे पोचायचं नाही. म्हणून सकाळी समोरच्या चुलीचा धूर बघायचा. धूर दिसला म्हणजे माणूस आहे. भांडायची हुक्की आली की नदीवर आरपार ताणलेल्या दोरावरच्या लाकडी पेटीत बसायचं आणि दोर ओढत पलीकडे जायचं. रिवाज एकच, पेटी काठाला बांधून ठेवायची नाही. बांधली की समोरच्याला ती ओढून घेता येत नाही; आणि चर्च, डॉक्टर, रस्ता, सगळं स्टेनवरच्याच काठाला.

त्या वर्षी डोंगरावरून उतरवलेल्या मेंढ्या ज्याच्या त्याने वाटून घ्यायच्या दिवशी पाद्र्याने नवा नकाशा आणला. नदीवर ठळक छापलेलं: पुलाची. एवींदुर सगळ्यांसमोर पोट धरून हसला.

“आता तरी मान गं बाई! सरकारनं मानलं!”

स्टेनवरच्या अंगाचा तिळपापड झाला. तो पेटीतून घरी पोचला, तशी तिने पेटी आपल्याकडे ओढली आणि खुंट्याला करकचून बांधली. “ये म्हणावं आता पुलावरून!”

मग वादळ आलं. बरेच दिवस पलीकडचं काही दिसेना. घरात किटलीशिवाय आवाज नाही. भयंकर एकटं वाटायचं तिला. गाठ सोडावी असं रोज मनात यायचं, आणि रोज ती स्वतःला सांगायची, आधी त्याला हात हलवू दे.

उघडलं तेव्हा पलीकडे धूर नव्हता.

गाठ गोठून दगड झाली होती. तिने ती सुरीने कापली आणि पलीकडे गेली. दोराखालचं बर्फ तुडवून तुडवून घट्ट झालं होतं. दोराला त्याचे लोकरी हातमोजे गोठून चिकटले होते. एवींदुर घरात बिछान्यावर होता, छातीला लोकरीचं फडकं गुंडाळलेलं, पायात बूट तसेच. अंग केव्हाच गार पडलं होतं.

शवपेटी दोरावरूनच आली. स्टेनवरने एकटीने ओढली, कुणाला हात लावू दिला नाही.

“क्रुसावर काय लिहू?” पाद्र्याने विचारलं. “नुसतं योकुल्साकाठचा म्हटलं, तर अर्धा देश योकुल्साकाठचाच.”

“पुलाच्या योकुल्साकाठचा.”

“तुम्ही म्हणताय हे?”

“लिहा म्हटलं ना!” ती खेकसली, आणि मग तिला रडू आवरेना.

पुढे ती बरीच वर्षं जगली. भांडायला कुणी उरलं नव्हतं. पेटी तिने पुन्हा कधी बांधली नाही. सकाळी उठली की ती दारात येऊन आधी समोरच्या काठाकडे बघायची, मग आपली चूल पेटवायची.